नागपुरात नवीन आलात? मोहल्ल्यात बस्तान बसवायचं कसं, सुरुवातीपासून सांगते

मिहानमध्ये (विमानतळाजवळचा कंपन्यांचा भाग) नोकरी लागली, मेडिकल कॉलेजला नंबर लागला, नाहीतर बदली होऊन आलात, कारण काही असो, नागपुरात नवीन आलेला माणूस पहिले फ्लॅट पाहतो, मग वायफाय लावतो आणि वर्ष झालं तरी बाजूच्या घरात कोण राहते हे त्याला माहीत नसते. फेब्रुवारीपर्यंत चालूनही जाते तसं. मग उन्हाळा लागतो, भर दुपारी एक फेज जातो, नळाचं प्रेशर कमी होते, कूलरची मोटर जळते, आणि त्या वेळी फोनवर शोधून मेकॅनिक मिळत नाही, तो बाजूच्या काकूंच्या ओळखीतला असतो. म्हणून माझं म्हणणं एकच आहे, ओळख आधी करून ठेवा, काम मागून पडते. माझं माहेर महालातलं आणि सासर त्रिमूर्तीनगरचं, त्यामुळे जुनी वस्ती आणि लेआउट (प्लॉट पाडून वसलेली कॉलनी) दोन्हीकडची रीत माहीत आहे, त्यावरूनच सांगून राहिले.

घराच्या आधी एरिया पाहा

महाल, इतवारी, गांधीबाग ही जुनी वस्ती. गल्ल्या अरुंद, घराला घर लागून, गाडी ठेवायला जागा नाही, पण खाली उतरलं की सुईपासून लग्नाच्या शालूपर्यंत सगळं मिळते आणि रात्री अकरालाही कोणी न कोणी ओट्यावर बसलेलं असते. धरमपेठ, रामदासपेठ, लक्ष्मीनगर, बजाजनगर इकडे झाडं आहेत, रस्ते मोठे आहेत आणि किरायाही मोठा आहे. धंतोलीत दवाखानेच दवाखाने, म्हणून घरात म्हातारं माणूस असेल तर तो भाग बरा, फक्त पार्किंगची बोंब आहे. जरीपटक्यात सिंधी वस्ती जास्त, कपड्याचा आणि खाण्याचा बाजार जोरात. मनीषनगर, बेसा, बेलतरोडी, मानेवाडा, जयताळा इकडे गेल्या काही वर्षांत फ्लॅट स्कीमा भरपूर झाल्या, मिहानवाले बहुतेक तिकडेच जातात.

जिथं राहायचं ते मेट्रो पाहून ठरवा, खूप पेट्रोल आणि खूप ऊन वाचते. दोन लाइन आहेत, खापरी ते ऑटोमोटिव्ह चौक आणि लोकमान्य नगर ते प्रजापती नगर, दोन्ही सीताबर्डीला भेटतात, तिथं लाइन बदलता येते. २०१९ मध्ये सुरू झाली आणि डिसेंबर २०२२ मध्ये चारही दिशा पूर्ण झाल्या. स्टेशनपासून घर पायी दहा मिनिटांत असेल तर किराया थोडा जास्त द्या, पण स्टेशन "जवळच आहे जी" असं कोणी म्हटलं तर स्वतः चालून पाहा, आणि तेही दुपारी चालून पाहा, सकाळी चालाल तर मे महिन्यात काय होणार ते समजणार नाही.

घर पाहायला दोनदा जा, एकदा सकाळी लवकर आणि एकदा रात्री. सकाळी गेलात तर नळ केव्हा येतो, किती वेळ असतो, प्रेशर कसं असते ते दिसते. घरमालक "पाणी भरपूर आहे" असंच सांगणार, त्याचं नका ऐकू, समोरच्या घरी अंगणात सडा टाकणाऱ्या बाईला विचारा, "काकू, इकडे नळ केव्हा येतो?" त्या सांगतील साडेपाचला येते, सातला जाते, वरच्या मजल्यावर चढत नाही, मोटर लावावी लागते, आणि हेही सांगतील की आधीचे किरायदार का सोडून गेले. दोन मिनिटांत जेवढं समजते तेवढं कोणत्या ब्रोकरकडून समजत नाही. त्यातच पहिली ओळखही होऊन जाते.

पावसाचं विचारायला विसरू नका. २३ सप्टेंबर २०२३ ला रात्रीतून धुवाधार पाऊस पडला, अंबाझरी तलाव ओव्हरफ्लो झाला आणि अंबाझरी लेआउट, कॉर्पोरेशन कॉलनी, डागा लेआउट या नाग नदीकाठच्या वस्त्यांत घराघरांत पाणी शिरलं, लोकांच्या गाड्या, फ्रिज, कपाटं, मुलांची पुस्तकं सगळं गेलं. तळमजल्याचं घर पाहत असाल आणि नदी, नाला जवळ असेल तर भिंतीवर ओलीचा पट्टा आहे का, मीटरची पेटी किती उंचीवर बसवली आहे ते पाहा आणि बाजूच्यांना सरळ विचारा की त्या दिवशी पाणी कुठवर आलं होतं. हात लावून दाखवतात लोक, इथपर्यंत आलं होतं म्हणून.

आणखी एक गोष्ट, ती सांगितल्याशिवाय हा लेख पूर्ण होणार नाही. किरायाचं घर पाहायला गेले की आडनाव काय आणि नॉनव्हेज खाता का हे दोन प्रश्न बऱ्याच ठिकाणी येतात. आडनाव कशासाठी विचारतात हे विचारणाऱ्यालाही माहीत असते आणि सांगणाऱ्यालाही. मला हे अजिबात पटत नाही, ज्या शहरात १४ ऑक्टोबर १९५६ ला बाबासाहेबांनी लाखो लोकांना सोबत घेऊन धम्मदीक्षा घेतली त्या शहरात तर नाहीच पटत. तुम्हाला एवढंच सांगते, आडनाव ऐकून ज्याचा चेहरा बदलला त्याच्या मागे लागू नका, आडनाव लपवूही नका, दुसरं घर पाहा. नीट वागणारे घरमालक पुष्कळ आहेत आणि त्यांच्या घरी तुम्ही सुखानं राहाल.

कागद

अकरा महिन्यांचा करारनामा स्टॅम्प पेपरवर करून नोटरी मारून द्यायची पद्धत अजून खूप ठिकाणी आहे. महाराष्ट्रात १९९९ च्या भाडे नियंत्रण कायद्याप्रमाणे करार लेखी पाहिजे आणि नोंदणी झालेला पाहिजे, नोंदणी करायची जबाबदारी घरमालकाची. ऑनलाइन होऊन जाते, एजंट घरी मशीन घेऊन येऊन अंगठा घेतो. पोलीस स्टेशनला किरायदाराची माहिती द्यायची असते, तीही करून टाका. डिपॉझिट बँकेतून द्या, रोख नको. राहायला जायच्या दिवशी विजेच्या मीटरचा, पाण्याच्या मीटरचा, भिंतींचा, नळाच्या तोट्यांचा फोटो काढून घरमालकाला लगेच व्हॉट्सॲप करा, म्हणजे पुढं बोलाचाली होत नाही.

पहिला आठवडा

सामान लागलं की पहिल्याच दिवशी संध्याकाळी गेटवर उभे राहा. संध्याकाळी सहा-सातच्या सुमारास लेआउटमधले लोक बाहेर येतात, कोणी कुत्रा फिरवते, कोणी रोडवर पाणी मारते, आजोबा लोक कल्व्हर्टवर नाहीतर मंदिराच्या पायऱ्यांवर बसलेले असतात. तुम्ही दिसले की विचारतीलच, "नवीन आले का जी? कुठून आले? कुठं आहे नोकरी?" बाहेरच्यांना वाटते किती चौकशा करतात हे लोक. मोकळेपणानं सांगा, आणि तुम्हीही विचारा. दूध कोणाकडून घेता, कचऱ्याची गाडी केव्हा येते, पोळ्यांना बाई मिळेल का, प्रेसवाला कुठं बसतो, चक्की कुठं आहे. पाच जणांना विचारलं की त्यातले तीन तुम्हाला स्वतः नेऊन दाखवतील. बाजूच्या दोन घरी आणि समोरच्या एका घरी नाव सांगून नंबर देऊन या, काही गोड नेलं तर चांगलंच, संत्रा बर्फीचा छोटा डबा पुरते.

वयानं मोठ्यांना काका-काकू, बरोबरीच्यांना भाऊ, ताई, वहिनी. नावानं हाक मारायची घाई करू नका. नागपुरी बोलणं बाहेरच्यांना जरा रांगडं वाटते, "काय करून राहिला बे" हे मित्रामित्रांत चालते, तुम्हाला कोणी तसं म्हटलं तर ती जवळीक समजा, पण तुम्ही स्वतः ते सुरुवातीला वापरू नका.

किराणा, भाजी, पोहे हे पहिले काही आठवडे जवळचंच घ्या. दहा मिनिटांत सामान आणून देणारी ॲपं इथंही आली आहेत, मला मान्य आहे सोयीचं आहे, पण कोपऱ्यावरच्या किराणावाल्याला तुमचा चेहरा माहीत असेल तर कुरिअर तो ठेवून घेतो, घराची एक चावी ठेवून घेतो, शाळेतून आलेल्या पोराला बसवूनही घेतो. सकाळी तर्री-पोह्याच्या ठेल्यावर उभं राहून खा, वर कच्चा चिवडा आणि लाल तर्री म्हणजे तिखट रस्सा, घरी पार्सल नेऊ नका, एरियातल्या बातम्या तिथंच असतात, कुठं रोड खोदला, कोणाकडे रूम खाली होऊन राहिली, कोणता ट्यूशनवाला चांगला. भाजीला जवळचा बाजार पकडा, गोकुळपेठ रोजचा आहे, सक्करदऱ्याला बुधवारी आणि सदरला मंगळवारी अशी नावंच वारावरून पडली आहेत. भाजी घेतली की शेवटी सांबार मागून घ्या, म्हणजे कोथिंबीर. पत्ता सापडत नसेल तर पानठेल्यावर विचारा, प्लॉट नंबर सांगितला तरी ते कोणाचं घर ते त्याला माहीत असते. खर्रा (तंबाखू-सुपारीचं मिश्रण) मात्र कोणी कितीही प्रेमानं पुढं केला तरी हात जोडा. या शहरात तोंडाच्या कॅन्सरनं गेलेली माणसं प्रत्येक मोहल्ल्यात आहेत.

नाली, गडर लाइन, लाइट

महापालिकेचे १० झोन आहेत, लक्ष्मीनगर, धरमपेठ, हनुमाननगर, धंतोली, नेहरूनगर, गांधीबाग, सतरंजीपुरा, लकडगंज, आशीनगर आणि मंगळवारी. तुमचं घर कोणत्या झोनमध्ये येते ते पहिल्याच महिन्यात पाहून ठेवा, कारण गडर लाइन (सांडपाण्याची) चोक झाली, रोडचा लाइट बंद पडला, कचरा उचलला नाही, झाड पडलं तर तक्रार झोनमध्ये जाते. बेसा-बेलतरोडीकडे काही भाग मनपाच्या हद्दीबाहेर आहे, तिथं घर घेत असाल तर पाणी, कचरा, रोड कोण पाहते हे विचारूनच पैसे द्या. कित्येक लेआउट आधी पडले आणि मागून नियमित झाले, त्यामुळे प्लॉट नाहीतर फ्लॅट विकत घेताना आरएल लेटर, म्हणजे नियमित केल्याचं पत्र, आहे का हे विचारायचं, ते नासुप्रकडून (नागपूर सुधार प्रन्यास) मिळते.

तक्रार एकट्यानं करू नका. एकट्याच्या तक्रारीला उत्तर येते, काम होत नाही. सहा-सात घरांच्या सह्या घ्या, फोटो लावा, तारीख टाका, झोनमध्ये देऊन पोच घ्या. सह्या घ्यायला फिराल त्यातच गल्लीतली सगळी घरं ओळखीची होतात. आमच्या लेआउटमध्ये गडरचं पाणी दोन पावसाळे अंगणात येत होतं, जोवर एकेक जण फोन करत होता तोवर कोणी फिरकलं नाही, एका रविवारी सगळ्या बायका मिळून अर्ज लिहिला, सोमवारी आठ जणी झोनच्या ऑफिसात जाऊन बसलो, तेव्हा कुठं लाइन बदलायचं पत्र निघालं.

लाइट गेली तर आधी खिडकीतून पाहा, समोर आहे का. सगळीकडे गेली असेल तर डीपी (वस्तीचा ट्रान्सफॉर्मर), अर्धी घरं गेली असतील तर फेज, फक्त तुमची गेली असेल तर घरातलं पाहा. महावितरणचा नंबर १९१२ आहे. आपल्या बिलावरचा ग्राहक क्रमांक फोनमध्ये सेव्ह पाहिजे, अंधारात बिल शोधत बसायचं नसेल तर. पोलीस ११२, ॲम्ब्युलन्स १०८. रात्री-बेरात्री दवाखान्याची वेळ आली तर मेडिकल आणि मेयो ही दोन मोठी सरकारी हॉस्पिटलं, मिहानकडे एम्स, आणि घराजवळचा रात्री उघडा असलेला दवाखाना कोणता हे शेजाऱ्यांना आधीच विचारून लिहून ठेवा.

उन्हाळा, याची तयारी फेब्रुवारीतच

बाहेरून येणारे इथंच फसतात. पारा ४५ च्या वर जातो, आणि मेच्या शेवटी नवतपा, म्हणजे कडक उन्हाचे नऊ दिवस, लागला की रात्री बारालाही गच्चीची फरशी तापलेली असते. कूलर घ्यायचा तो मार्च लागायच्या आधी घ्या, एप्रिलमध्ये भाव चढतात आणि मेकॅनिक फोन उचलत नाही. जुना असेल तर ताट्या (बाजूच्या गवताच्या जाळ्या) बदलून घ्या, वाळ्याची मिळाली तर उत्तम, पाणी पडलं की घरभर वास दरवळतो. कूलर खिडकीच्या बाहेर स्टँडवर बसतो, तर स्टँड पक्का आहे का आणि पाणी कुठं गळते ते पाहा. खालच्या काकूंनी अंगणात कुरड्या, पापड, सांडगे वाळत घातलेले असतात, त्यावर तुमच्या कूलरचं पाणी पडलं तर वर्षभराची बेगमी खराब होते आणि संबंधही. एक पाइप लावून पाणी नालीपर्यंत नेलं की मिटलं.

आता हे नीट वाचा. कूलरमध्ये पाणी भरताना प्लग काढा. बटन बंद करून भागत नाही, प्लगच काढायचा, पायात चप्पल पाहिजे, हात कोरडे पाहिजे, आणि नवीन घरात अर्थिंग आहे का ते इलेक्ट्रिशियनकडून तपासून घ्यायचं. बॉडी लोखंडी असते, खाली पाणी सांडलेलं असते, आणि दर उन्हाळ्यात या शॉकनं विदर्भात लोकांचे जीव जातात, त्यात लहान मुलंही असतात. घरात काम करणाऱ्या ताईंनाही हे सांगून ठेवा, पाणी बहुतेक त्याच भरतात. आठवड्यातून एकदा कूलर पूर्ण खाली करून पुसून कोरडा करा, साचलेल्या पाण्यात डेंग्यूचे डास होतात, आणि पावसाळा लागला की पाण्यासकट तसाच सोडून देऊ नका.

नळाला डायरेक्ट टिल्लू पंप (पाणी ओढायची छोटी मोटर) लावू नका. तुमच्याकडे धो-धो येते तेव्हा पुढच्या घरी थेंब येत नसतो, आणि कोणी लावला आहे हे सगळ्या गल्लीला कळते. खाली टाकं असेल तर त्यात नळ सोडा आणि तिथून वर चढवा. दुपारी बारा ते चार कोणाच्या घरची बेल वाजवू नका, लोक पडदे ओढून झोपलेले असतात. बाहेर जावंच लागलं तर डोक्याला, कानाला दुपट्टा बांधा, पाण्याची बाटली ठेवा, घरी आल्यावर कैरीचं पन्हं घ्या. गेटसमोर एक माठ भरून ठेवता आला तर ठेवा, कुरिअरवाला, कचऱ्याच्या गाडीवरचा दादा, सगळे पितात.

वर्षभराचे सण

संक्रांतीला नागपूर गच्चीवर असते, सकाळपासून "ओ काट" सुरू. पोरांना पतंग जरूर द्या, नायलॉन मांजा घरात येऊ देऊ नका, त्यावर बंदी आहे आणि गळे चिरले गेले आहेत लोकांचे. जानेवारीत टू-व्हीलरवर गळ्याला मफलर बांधल्याशिवाय निघायचं नाही. माघात गजानन महाराजांच्या प्रकट दिनाला चौकाचौकात महाप्रसाद असतो, झुणका-भाकर, आंबाडीची भाजी, तिथं जेवायला जा आणि जमलं तर वाढायला उभे राहा, एका दुपारीत अर्धा एरिया ओळखीचा होतो. १४ एप्रिलला भीमजयंती. दसऱ्याच्या सुमारास दीक्षाभूमीवर देशभरातून लोक येतात, रहाटे कॉलनी, लक्ष्मीनगर, बजाजनगरकडचे रस्ते वळवलेले असतात, तेव्हा ट्रॅफिकची कुरकुर करण्यापेक्षा पाण्याच्या नाहीतर जेवणाच्या स्टॉलवर दोन तास हात लावा, कोणी नाही म्हणत नाही.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा. पोरं लाकडी नंदी सजवून घरोघरी येतात, त्यांना बोजारा द्यायचा, म्हणून सुट्टे पैसे आणि चॉकलेटं आधीच काढून ठेवा, दार बंद ठेवू नका. त्याच दिवशी महाल-इतवारीत मारबतीची, म्हणजे मोठ्या पुतळ्यांची, मिरवणूक असते, काळी मारबत १८८१ पासून आणि पिवळी १८८५ पासून निघते असं सांगतात, सोबत बडगे, म्हणजे आणखी पुतळे, असतात, आणि सगळी गर्दी "घेऊन जा गे मारबत" म्हणत असते, रोगराई घेऊन जा, महागाई घेऊन जा. एकदा तरी पाहाच, फक्त गाडी नेऊ नका.

पण मला सगळ्यात जवळची भुलाबाई. भाद्रपद पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत मुली रोज संध्याकाळी एकेकीच्या घरी जमतात, गाणी म्हणतात, टिपऱ्या वाजवतात, आणि शेवटी खिरापत ओळखायची असते. घरची बाई झाकण लावलेला डबा घेऊन येते, हलवून आवाज ऐकवते, मुली ओरडतात, गोड का तिखट, चिवडा, शेव, लाडू, बर्फी, आणि ओळखता नाही आलं की यजमानीण खूश. हे आता बऱ्याच लेआउटमध्ये कमी होऊन राहिलं आहे. तुमच्या घरी मुलगी असेल आणि गल्लीत भुलाबाई बसत असेल तर तिला पाठवा, एक दिवस तुमच्या घरी बोलवा, आणि बसत नसेल तर तुम्ही बसवा. मातीची भुलाबाई-भुलोजी बाजारात मिळतात, गाणी कोणत्याही आजीला पाठ असतात, त्या स्वतःहून येऊन बसतील. खिरापतीसाठी डबा स्टीलचा घ्या, आवाज नीट येतो, आणि आत असं काही ठेवा जे तुमच्या गावाकडचं आहे, मुलींना ओळखायला वेळ लागेल.